सलग ११ वर्षं याच्या मागून धावणाऱ्यानं हजार यार्डांचा टप्पा ओलांडला, पण याचं नाव स्कोअरबोर्डवर दिसलंच नाही

तारीख ८ जानेवारी २०००. अमेरिकेतलं नॅशव्हिल शहर. टेनेसी टायटन्स विरुद्ध बफेलो बिल्स, एनएफएलची प्लेऑफ मॅच. जो हरेल त्याचा सीझन तिथंच संपणार. घड्याळात १६ सेकंद शिल्लक असताना बिल्सनं फील्ड गोल मारला आणि १६-१५ अशी आघाडी घेतली. टायटन्सचे समर्थक डोक्याला हात लावून बसले.

आता नियमाप्रमाणं बिल्स बॉल लाथाडून टायटन्सकडे देणार. त्यांच्या स्टीव्ह ख्रिस्तीनं मुद्दाम उंच आणि आखूड किक मारली, म्हणजे टायटन्सच्या वेगवान माणसांपर्यंत बॉल पोहोचायला नको. झालंही तसंच. बॉल येऊन पडला तो एका जाडजूड, बुटक्या वाटणाऱ्या खेळाडूच्या हातात. त्यानं तो पकडला, दोन पावलं टाकली आणि फ्रँक वायचेकच्या हातात दिला. वायचेकनं तो मैदानाच्या पार दुसऱ्या टोकाला फेकला. तिथं केव्हिन डायसन उभा होता, समोर रान मोकळं. ७५ यार्ड पळत जाऊन त्यानं टचडाऊन केला. टायटन्स २२-१६ नं जिंकले.

अमेरिकेत या प्रसंगाला 'म्युझिक सिटी मिरॅकल' म्हणतात. तो थ्रो पुढे गेला होता की मागे, यावर बफेलोत आजही भांडणं होतात. वायचेकचं नाव निघतं, डायसनचं निघतं. पहिल्यांदा बॉल पकडणाऱ्याचं नाव मात्र चटकन कुणी सांगत नाही. त्याचं नाव लॉरेंझो नील.

आणि गंमत म्हणजे, बॉल हातात घेणं हे त्याचं काम नव्हतंच. त्याचं काम होतं, बॉल घेऊन धावणाऱ्याच्या पुढे पळत जाऊन समोरून येणाऱ्याला अंगावर घेणं. १६ वर्षं त्यानं हेच केलं. या पोझिशनला फुलबॅक म्हणतात, आणि नील ज्या प्रकारचा होता त्याला ब्लॉकिंग फुलबॅक.

हे काम नेमकं काय आणि ते करणारा माणूस चांगला की वाईट हे ठरवायचं कसं, हा प्रश्न एनएफएललासुद्धा नीट सुटलेला नाही. पण त्याआधी खेळ थोडा समजून घेऊ.

अमेरिकन फुटबॉलमध्ये दोन्हीकडे ११-११ जण. ज्यांच्याकडे बॉल आहे त्यांना १० यार्ड, म्हणजे ३० फूट पुढे सरकायला चार संधी मिळतात. सरकले तर पुन्हा नव्यानं चार संधी, नाहीतर बॉल समोरच्याला. पुढे जायचे मार्ग दोन. एक तर क्वार्टरबॅकनं लांब थ्रो करायचा, नाहीतर रनिंग बॅकच्या हातात बॉल देऊन त्याला गर्दीतून पळवायचं.

आता गर्दीतून पळायचं तर वाट पाहिजे. सगळ्यात पुढे पाच धिप्पाड खेळाडूंची भिंत असते, ती समोरच्या भिंतीला ढकलते. या ढकलाढकलीत कुठंतरी भगदाड पडतं. पण त्या भगदाडाच्या पलीकडे लाइनबॅकर नावाची जमात उभी असते. वजन शंभर किलोच्या वर, पळायला चपळ, आणि बॉलवाल्याला आडवं करणं एवढंच डोक्यात. रनिंग बॅक भगदाडातून बाहेर आला की हा त्याच्या छाताडावर.

इथं फुलबॅक येतो.

जुन्या पद्धतीच्या मांडणीत क्वार्टरबॅकच्या मागे सुमारे चार यार्डांवर फुलबॅक आणि त्याच्या मागे सुमारे सात यार्डांवर रनिंग बॅक, असे तिघं एका ओळीत उभे राहायचे. वरून पाहिलं तर इंग्रजी 'आय' अक्षर दिसतं, म्हणून 'आय फॉर्मेशन'. बॉल सुरू झाला की फुलबॅक सुसाट भगदाडात घुसणार, पलीकडून लाइनबॅकर सुसाट त्याच भगदाडाकडे येणार, आणि दोघांची टक्कर होणार. फुलबॅक जिंकला तर मागचा माणूस त्याच्या पाठीला घासून निघून जातो. हरला तर दोघंही मागच्याच्या पायात येऊन पडतात आणि सगळा खेळ जागेवर संपतो.

भिंतीतले खेळाडू समोरासमोर, हातभर अंतरावर उभे असतात. त्यांची झटापट असते. फुलबॅकचं तसं नाही. तो आणि लाइनबॅकर दोघंही पळत येऊन एकमेकांना भिडतात. त्यामुळं त्याचा प्रत्येक ब्लॉक म्हणजे एक छोटा अपघात. यात जिंकण्याचं सूत्र कुस्तीतलंच आहे, जो खाली वाकून घुसतो तो समोरच्याला उचलतो. नील कॅलिफोर्नियातल्या फ्रेस्नो स्टेट युनिव्हर्सिटीत फुटबॉलसोबत कुस्तीही खेळायचा, तीही हेवीवेट गटात. उंची ५ फूट ११ इंच, वजन साधारण ११५ किलो. या खेळाच्या मानानं बुटकाच. पण खाली घुसायला तीच उंची कामाची.

ताकदीइतकंच डोकंही लागतं. थ्रो करायचा असेल तेव्हा फुलबॅकला क्वार्टरबॅकशेजारी थांबून बघावं लागतं की समोरच्या टोळीतला कोण अचानक आत घुसतोय, आणि त्याच्या आडवं जावं लागतं. हे ठरवायला एखादा सेकंदही मिळत नाही. चुकला तर टीमचा सगळ्यात महागडा खेळाडू जमिनीवर.

आता नावाचा घोळ. फुलबॅक म्हणजे सगळ्यात मागे उभा राहणारा. जुन्या काळात तो खरंच सगळ्यात मागे असायचा, त्याच्या पुढे हाफबॅक आणि त्याच्याही पुढे क्वार्टरबॅक. आणि तेव्हा फुलबॅक स्वतः बॉल घेऊन पळायचा. १९५७ ते १९६५ या नऊ सीझनपैकी आठ सीझनमध्ये लीगमध्ये सर्वाधिक यार्ड धावणारा जिम ब्राउन फुलबॅकच होता. पुढे मांडणी बदलली, फुलबॅक रनिंग बॅकच्या पुढे येऊन उभा राहिला. नाव तेच राहिलं, काम मात्र पार उलटं झालं. राजाचा अंगरक्षक झाला म्हणा ना.

नीलच्या बाबतीत हीच गोष्ट एका माणसाच्या आयुष्यात घडली.

१९९३ च्या ड्राफ्टमध्ये न्यू ऑर्लिन्स सेंट्सनं त्याला चौथ्या फेरीत घेतलं. तेव्हा तो धावणारा खेळाडू होता. पहिल्या दोनच मॅचमध्ये त्यानं बॉल घेऊन पावणेदोनशे यार्ड काढले. आता हा स्टार होणार असं वाटत असतानाच घोटा मोडला आणि सीझन संपला. पुढची तीन वर्षं तो सेंट्सकडेच होता, पण बॉल हळूहळू दुसऱ्यांच्या हातात गेला.

१९९७ मध्ये तो न्यूयॉर्क जेट्सकडे गेला. आधीच्या वर्षी १६ पैकी फक्त एक मॅच जिंकलेली ही टीम. बिल पार्सेल्ससारखा खडूस कोच नुकताच आलेला. इथं नीलचं काम ठरलं, एड्रियन मरेलच्या पुढे पळायचं. मरेलनं त्या वर्षी १,०८६ यार्ड काढले.

रनिंग बॅकसाठी हजार यार्ड हा मानाचा आकडा. तेव्हा सीझनमध्ये १६ मॅच असायच्या, म्हणजे प्रत्येक मॅचमध्ये सरासरी ६२-६३ यार्ड तरी काढायला हवेत. आपल्याकडे कसोटीत वर्षाला हजार रन काढणाऱ्याचं नाव होतं, तसाच प्रकार.

१९९८ ला नील टँपा बे बकेनियर्सकडे. तिथं वॉरिक डननं १,०२६ यार्ड काढले. मग टेनेसी टायटन्स. एडी जॉर्जनं १९९९ मध्ये १,३०४ आणि २००० मध्ये १,५०९ काढले. मग सिनसिनाटी बेंगल्स. कोरी डिलन, १,३१५ आणि १,३११. २००२ चे बेंगल्स म्हणजे १६ पैकी १४ मॅच हरलेली टीम. तिथून नीलची पहिल्यांदा प्रो बोलसाठी, म्हणजे लीगच्या ऑलस्टार सामन्यासाठी निवड झाली. इतक्या हरणाऱ्या टीममधल्या, बॉलही फारसा हातात न घेणाऱ्या माणसाला बाकीचे खेळाडू आणि कोच मत देतात, यात त्याला समोरून झेललेल्यांची साक्ष आली.

२००३ मध्ये तो सॅन डिएगो चार्जर्सकडे आला आणि इथं त्याच्या मागे उभा होता लाडेनियन टॉमलिन्सन. पुढची पाच वर्षं टॉमलिन्सनचे आकडे असे: १,६४५, १,३३५, १,४६२, १,८१५ आणि १,४७४. २००६ साली तर त्यानं एकाच सीझनमध्ये ३१ टचडाऊन केले, त्यातले २८ धावून. हा विक्रम अजून कुणी मोडलेला नाही. लीगचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून एमव्हीपी पुरस्कारही त्यालाच मिळाला.

हिशेब करा. १९९७ ते २००७. पाच टीम, पाच वेगवेगळे धावणारे, वेगवेगळे कोच, वेगवेगळ्या भिंती. सलग ११ वर्षं नीलच्या मागून धावणाऱ्यानं हजाराचा आकडा ओलांडला. सोळा सीझनमध्ये नीलनं स्वतः बॉल घेऊन जेवढे यार्ड काढले, त्यापेक्षा जास्त टॉमलिन्सननं एकट्या २००६ मध्ये काढले.

नीलबद्दल कुठंही लिहिलं गेलं की हा ११ चा आकडा येतोच. त्याला कारण आहे. एनएफएलमध्ये यार्ड मोजतात, कॅच मोजतात, टॅकल मोजतात. ब्लॉकचा अधिकृत हिशेब ठेवला जात नाही. फुलबॅकच्या करिअरचा पुरावा म्हणून दाखवायला आकडा असतो, तो दुसऱ्याच्या नावावरचा.

मग हा आकडा खरंच नीलचा आहे का? जरा उलटून पाहू.

मरेलनं नील यायच्या आदल्या वर्षी, त्याच दुबळ्या जेट्सकडून १,२४९ यार्ड काढले होते. नीलसोबतच्या वर्षापेक्षा जास्त! एडी जॉर्ज नील येण्याआधी तीन वर्षं सलग हजार काढत होता. डिलन चार वर्षं. टॉमलिन्सन दोन वर्षं. म्हणजे नीलनं कुणाला शून्यातून उभं केलं असं नाही. ज्या टीमकडे चांगला धावणारा आहे त्याच टीमला चांगला फुलबॅक विकत घ्यावासा वाटतो, हा साधा व्यवहार त्यामागे आहे.

पण दुसरी बाजूही बघा. नील गेल्यानंतरच्या वर्षी, २००१ मध्ये, एडी जॉर्ज ३१५ वेळा बॉल घेऊन धावला आणि ९३९ यार्डांवर अडकला. दर धावेला तीन यार्डही नाहीत. डन १९९९ मध्ये ६१६ वर आला. टॉमलिन्सननं २००८ मध्ये हजार ओलांडले, १,११० काढले, पण आदल्या वर्षी दर धावेला मिळणारे ४.७ यार्ड ३.८ वर आले.

यातही पळवाटा आहेत. जॉर्जला आणि टॉमलिन्सनला त्या-त्या वर्षी पायाच्या दुखण्यानं छळलं होतं. आणि डननं २००० मध्ये नीलशिवाय पुन्हा हजार काढले. त्यामुळं 'सगळं नीलमुळं' हे म्हणणं जितकं भाबडं, तितकंच 'नीलचा काही संबंध नाही' हेही. एका धावेत ११ जणांचा हात असतो आणि त्यातल्या एकाचा वाटा वेगळा काढायची सोय या खेळात नाही. फुलबॅकच्या पगाराचं, नोकरीचं आणि नावाचं सगळं दुखणं याच एका गोष्टीतून सुरू होतं.

नीलनं सात टीम का बदलल्या, याचं उत्तरही इथंच आहे. एनएफएलमध्ये १९९४ पासून सॅलरी कॅप आहे, म्हणजे पूर्ण टीमच्या पगाराला वरची मर्यादा. टीममध्ये जागा ५३. पैसे कमी पडले की मॅनेजमेंट यादी घेऊन बसतं आणि ज्याची किंमत आकड्यात दाखवता येत नाही त्याच्या नावापुढे पहिली खूण होते. फुलबॅक या यादीत कायम वर.

२००६ आणि २००७, दोन्ही वर्षी नील लीगच्या सर्वोत्तम संघात, म्हणजे ऑल प्रोमध्ये होता. २००८ च्या सुरुवातीला चार्जर्सनं त्याला मोकळं केलं. वय ३७. बाल्टिमोर रेव्हन्सनं त्याला एक वर्ष खेळवलं आणि तिथं ती ११ वर्षांची साखळी तुटली. रेव्हन्सनं बॉल तिघांत वाटला, हजार कुणाचेच झाले नाहीत. सर्वाधिक ९०२ यार्ड काढले लेरॉन मॅक्लेननं, आणि हा मॅक्लेन मूळचा फुलबॅक! नीलच्या शेवटच्या वर्षी त्याच्या टीममध्ये सगळ्यात जास्त धावला तो त्याच्याच जातकुळीतला माणूस.

२३९ मॅच खेळून नील थांबला.

आता फुलबॅकला कुणी मानच दिला नाही असंही नाही. डॅलस काउबॉइजचा डॅरिल जॉन्स्टन हे त्याचं उदाहरण. एनएफएलच्या इतिहासात सर्वाधिक, १८,३५५ यार्ड धावलेला एमिट स्मिथ, त्याच्या पुढे दहा वर्षं हा जॉन्स्टन पळत होता. टोपणनाव 'मूस', म्हणजे तिकडचं भलंमोठं सांबर. त्यानं बॉल हातात घेतला की घरचं मैदान 'मूऽऽऽस' असं ओरडायचं. नवख्या माणसाला वाटायचं, घरच्याच खेळाडूची हुर्यो का उडवतायत?

तीन सुपर बोल जिंकलेल्या त्या टीममध्ये स्मिथ, ट्रॉय एकमन, मायकल आयर्विन हे तारे. पण प्रो बोलमध्ये १९९३ च्या सीझनपासून फुलबॅकसाठी वेगळी जागा ठेवली गेली, त्यामागे जॉन्स्टनचा खेळ होता. त्याआधी जो बॉल घेऊन जास्त पळेल तोच निवडला जायचा. २०१० मध्ये एमिट स्मिथचा हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला, तेव्हा त्यानं भर स्टेजवरून समोर बसलेल्या जॉन्स्टनचे आभार मानले. बोलता बोलता स्मिथ रडला, खाली जॉन्स्टनही रडत होता. तो व्हिडिओ इंटरनेटवर आहे, फुटबॉलमधलं काही कळत नसलं तरी बघा.

पण त्या दहा वर्षांची किंमतही होती. १९९७ मध्ये जॉन्स्टनच्या मानेतली चकती सरकली. तो परत आला, पण मान पूर्वीसारखी राहिली नाही आणि १९९९ नंतर त्याला थांबावं लागलं. डोकं आणि खांदा पुढे करून वर्षानुवर्षं धडका द्यायच्या म्हटल्यावर मानेनं कधीतरी हात टेकायचेच.

मानेच्या वर जे आहे त्याचं काय होतं, हे केव्हिन टर्नरच्या गोष्टीतून कळतं.

टर्नर हा न्यू इंग्लंड पेट्रियट्स आणि फिलाडेल्फिया ईगल्सचा फुलबॅक. १९९२ ते १९९९ अशी आठ वर्षं एनएफएल खेळला, त्याआधी अलाबामा युनिव्हर्सिटीत. २०१० मध्ये त्याला एएलएस झाल्याचं निदान झालं. या आजारात स्नायूंवरचा ताबा हळूहळू जातो. हात उचलेना, चालता येईना, गिळता येईना, शेवटी श्वासही घेता येईना. शास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग यांना हाच आजार होता. टर्नरचं वय तेव्हा जेमतेम चाळिशीचं.

त्याच सुमारास हजारो माजी खेळाडूंनी एनएफएलवर खटले भरले. त्यांचं म्हणणं होतं, डोक्याला बसणाऱ्या माराचे दूरगामी परिणाम लीगला ठाऊक होते, तरी आम्हाला सांगितले नाहीत. फिलाडेल्फियाच्या कोर्टात हे खटले एकत्र आले आणि सगळ्या खेळाडूंच्या वतीनं ज्या दोघांची नावं पुढे केली गेली, त्यातला एक टर्नर. एप्रिल २०१५ मध्ये कोर्टानं समझोता मंजूर केला. अंदाजे १ अब्ज डॉलर्सचा. चूक मात्र एनएफएलनं कबूल केली नाही.

मार्च २०१६ मध्ये टर्नर गेला. वय ४६. त्याचा मेंदू बॉस्टन युनिव्हर्सिटीच्या संशोधकांकडे तपासणीसाठी दिला होता. नोव्हेंबरमध्ये त्यांनी जाहीर केलं की टर्नरला सीटीई हा मेंदूचा आजार होता, तोही अत्यंत गंभीर टप्प्यातला. डोक्याला वारंवार मार बसणाऱ्यांमध्ये हा आजार आढळतो आणि त्याचं पक्कं निदान मृत्यूनंतरच होतं. शरीराची हालचाल चालवणारा मेंदूचा भागच त्यानं पोखरला होता आणि त्यातूनच टर्नरला एएलएस झाला, असं त्यांचं मत पडलं.

सीटीई फक्त फुलबॅकनाच होतो असं नाही. भिंतीतल्या खेळाडूंना, लाइनबॅकरना, सगळ्यांनाच धोका आहे. पण फुलबॅकचं कामच पळत जाऊन धडकणं असल्यामुळं धडक चुकवायची सोय त्याला नाही. रनिंग बॅक बाजूला वळू शकतो, मैदानाबाहेर पाऊल टाकू शकतो. फुलबॅक बाजूला वळला तर तो काम चुकवतोय असा त्याचा अर्थ होतो.

आणि ज्या कामासाठी हे सगळं सोसायचं, ते कामच हळूहळू कमी होत गेलं.

१९७८ पासून एनएफएलनं नियम असे बदलत नेले की थ्रो करणं सोपं व्हावं. लोकांना लांब थ्रो बघायला आवडतात, टीव्हीवाल्यांना लोक आवडतात. टीम मैदान पसरून खेळायला लागल्या. क्वार्टरबॅक मागे उभा राहून बॉल घ्यायला लागला, त्यामुळं 'आय'ची ती सरळ ओळच मोडली. ११ जणांतला एक वाढीव पळणारा कॅच घेणारा पाहिजे, तर बसवायचं कुणाला? उत्तर ठरलेलं होतं. ब्लॉक करणं आणि कॅच घेणं दोन्ही जमणारे टाइट एंड नावाचे खेळाडू फुलबॅकचं उरलंसुरलं काम करायला लागले. गोल रेषेजवळ अगदीच धक्का हवा असेल तर भिंतीतलाच एखादा अवाढव्य गडी मागे उभा करायचा. १९८५ च्या शिकागो बेअर्सनं 'रेफ्रिजरेटर' या टोपणनावाच्या विल्यम पेरीला असंच वापरलं आणि त्यानं सुपर बोलमध्ये टचडाऊनही केला.

व्हाँटा लीचचं उदाहरण घ्या. २०१० मध्ये ह्युस्टनचा एरियन फॉस्टर १,६१६ यार्ड काढून लीगमध्ये पहिला आला. फॉस्टरला ड्राफ्टमध्ये कुणीच घेतलं नव्हतं. त्याच्या पुढे होता लीच, त्यालाही ड्राफ्टमध्ये कुणी घेतलं नव्हतं. लीच पुढे बाल्टिमोरला गेला आणि फेब्रुवारी २०१३ मध्ये त्यांच्यासोबत सुपर बोल जिंकला. एप्रिलमध्ये बाल्टिमोरनं ड्राफ्टमध्ये एक नवा पोरगा घेतला आणि जूनमध्ये लीचला नारळ दिला. चारच महिने. महिन्याभरानं परत बोलावलं ते वेगळं.

तो नवा पोरगा म्हणजे काइल युस्चेक. हार्वर्डमध्ये शिकलेला. त्यानं एक गोष्ट ओळखली, नुसत्या ब्लॉकवर आता घर चालत नाही. तो ब्लॉक करतो, पण त्याच जागेवरून पळत जाऊन कॅचही घेतो, त्यामुळं समोरच्याला कळतच नाही की हा अंगावर येणार की बाजूनं निघून जाणार. २०१७ मध्ये सॅन फ्रान्सिस्को फोर्टी नाइनर्सनं त्याच्याशी चार वर्षांसाठी २ कोटी १० लाख डॉलर्सचा करार केला. फुलबॅकसाठी इतके पैसे ऐकून तेव्हा अनेकांनी कोच काइल शॅनहन यांना वेड्यात काढलं होतं. २०२३ मध्ये त्याच टीमचा ख्रिश्चन मॅकॅफ्री १,४५९ यार्डांसह लीगमध्ये पहिला आला, आणि पुढे वाट काढायला युस्चेक होता. तरीही मार्च २०२५ मध्ये फोर्टी नाइनर्सनं त्याला आधी सोडलं आणि मग परत करारावर घेतलं. पगाराच्या यादीत खूण कुणापुढे होते, ते इथंही दिसलंच.

जुन्या धाटणीचा, फक्त धडकणारा माणूस बघायचा असेल तर पॅट्रिक रिकार्ड. हा मूळचा भिंत फोडणारा, म्हणजे बचावातला खेळाडू. वजन १३५ किलोच्या पुढे. बाल्टिमोरनं त्याला उलटं फिरवून फुलबॅक केलं. २०१९ मध्ये लमार जॅक्सनच्या या टीमनं एका सीझनमध्ये ३,२९६ यार्ड धावून काढायचा विक्रम केला. २०२४ मध्ये डेरिक हेन्रीनं तिथंच १,९२१ काढले. हेन्रीच्या धावांचे व्हिडिओ शोधून बघा आणि हेन्रीकडे न बघता त्याच्या पुढच्या ४२ नंबरच्या जर्सीकडे बघा.

नीलचं म्हणाल तर २००० च्या दशकातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या अधिकृत संघात फुलबॅक म्हणून त्याचं नाव आहे. त्याच्या मागून धावलेला टॉमलिन्सन २०१७ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेला. तिथं जिम ब्राउन आहे, लॅरी झोंका आहे, जॉन रिगिन्स आहे. हे सगळे फुलबॅक, पण बॉल घेऊन धावणारे. दुसऱ्यासाठी वाट काढण्याकरता ओळखला जाणारा फुलबॅक तिथं अजून पोहोचलेला नाही. नीलच्या नावाचा विचार २०१४ पासून होऊ शकतो. निवड अजून झालेली नाही.